मित्रकीड, शत्रूकीड आणि बाकीचे

कृषी मेळाव्यात लावलेला किडींचा रंगीत तक्ता आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेला असतो. एका बाजूला शत्रूकिडी: बोंडअळी, खोडमाशी, मावा, तुडतुडे, फुलकिडे, पिठ्या ढेकूण, हुमणी. दुसऱ्या बाजूला मित्रकिडी: ढालकिडा, क्रायसोपा, ट्रायकोग्रामा, गाजरगवत खाणारा मेक्सिकन भुंगा आणि फार तर मधमाशी. पहिली यादी लांबलचक, दुसरी बोटांवर मोजून संपणारी. तक्ता शेतकऱ्याच्या सोयीसाठी असतो, तो असाच असणार. पण शास्त्रज्ञांनी नाव देऊन नोंदवलेल्या कीटकांच्या जाती एकट्या भारतात साठ हजारांच्या वर आहेत आणि तक्त्यावर मावतात दोन-तीन डझन. राहिलेले कुणाच्या अध्यात नाहीत की मध्यात नाहीत. पिकाला त्रास देत नाहीत म्हणून शत्रू नाहीत, शत्रूला खाताना कुणी पाहिलेलं नाही म्हणून मित्रही नाहीत. या लेखाचा विषय ते आहेत आणि लेखाचं गाव बार्शी. बार्शीच का, ते पुढे सीताफळापाशी येईल.

शत्रूंचा हिशेब महाराष्ट्र चोख ठेवतो. २००८ च्या खरिपात विदर्भ-मराठवाड्यात सोयाबीनवर पानं खाणाऱ्या अळ्यांनी धुमाकूळ घातला. त्यातून शहाणपण घेऊन २००९-१० पासून राज्यात पीक कीड-रोग सर्वेक्षण आणि सल्ला प्रकल्प सुरू झाला. खात्यातले लोक त्याला ‘क्रॉपसॅप’ म्हणतात. कीड सर्वेक्षक नेमून दिलेल्या गावांत जातो, प्लॉटमध्ये उतरतो, ओळीच्या एका मीटरमध्ये अळ्या किती, पानावर तुडतुडे किती, कामगंध सापळ्यात पतंग किती पडले हे मोजतो. आकडे संगणकावर चढतात, कृषी विद्यापीठातले तज्ज्ञ ते बघतात आणि संख्या आर्थिक नुकसानीच्या पातळीला पोहोचली की फवारणीचा सल्ला निघतो. सरकारी योजनांना नावं ठेवायची आपली सवय जरा बाजूला ठेवून सांगतो, हे काम चांगलं आहे. दर आठवड्याला, हंगामभर, गावोगाव, एकाच पद्धतीने मोजणी, हे शास्त्रात सगळ्यात अवघड असतं आणि ते इथे होतं.

आता त्याच सर्वेक्षकाच्या बरोबर सोयाबीनच्या ओळीतून चालून बघा. पायाजवळून नाकतोडे उडतात. ढेकळाआड रातकिडा दडतो. बांधावरच्या बाभळीला कुंभारमाशीचं मातीचं घरटं असतं. डोक्यावर चतुरांचा थवा घिरट्या घालत असतो. हे पिवळट चतुर मोसमी वाऱ्याच्या पाठोपाठ येतात आणि पावसाळा सरताना निघून जातात. चार्ल्स अँडरसन या जीवशास्त्रज्ञाने मालदीव बेटांवर वर्षानुवर्षं त्यांच्या येण्याच्या तारखा टिपल्या आणि २००९ साली मांडलं, की हे चतुर भारतातून मालदीवमार्गे, समुद्रावरून, थेट पूर्व आफ्रिकेपर्यंत जातात. एवढासा जीव आणि पायाखाली समुद्र. सर्वेक्षकाच्या फॉर्मवर त्याच्यासाठी रकाना नाही. नाकतोड्यासाठी नाही, कुंभारमाशीसाठी नाही.

असे बिनरकान्याचे जीव जर्मनीत मोजले गेले. ते काम सरकारने केलं नाही. क्रेफेल्ड या शहरात १९०५ साली कीटकांच्या अभ्यासकांचं एक मंडळ स्थापन झालं. सभासदांत हौशी मंडळींचा भरणा. या मंडळाने १९८९ पासून संरक्षित निसर्गक्षेत्रांत मॅलेझ सापळे लावले. हा सापळा म्हणजे जाळीच्या कापडाचा उघडा तंबू. उडत आलेला कीटक कापडाला अडतो आणि सवयीने वर चढत जातो. वर कोपऱ्यात अल्कोहोलची बाटली लावलेली असते, तीत पडतो. रेने मॅलेझ या स्वीडिश कीटकशास्त्रज्ञाला ही युक्ती मोहिमेवर असताना स्वतःच्या राहत्या तंबूत सुचली. आत शिरलेले किडे तंबूच्या वरच्या कोपऱ्यात जमतात आणि तिथल्या भोकातून बाहेर पडतात, हे त्याने पाहिलं होतं. क्रेफेल्डच्या मंडळींनी सगळीकडे एकाच मापाचा सापळा वापरला आणि बाटलीत जमलेल्या कीटकांचं वजन केलं. जात ओळखत बसायचं तर आयुष्य पुरलं नसतं. वजन करायला तराजू पुरतो.

२०१७ च्या ऑक्टोबरमध्ये ते आकडे प्रसिद्ध झाले. ६३ ठिकाणं, २७ वर्षं, आणि उडणाऱ्या कीटकांच्या वजनात सरासरी ७६ टक्के घट. ऐन उन्हाळ्यात, म्हणजे तिकडे कीटक सर्वाधिक असतात तेव्हा, ८२ टक्के. जिथे आधी चार किलो भरायचे तिथे किलोभर. ही सगळी ठिकाणं संरक्षित होती. तिथे कुणी बंगले बांधले नव्हते, फवारणी केली नव्हती. भोवतीच्या शेतांतून काय येत होतं, हा पुढचा प्रश्न.

त्या निबंधाच्या लेखकांत डेव्ह गोल्सन हे नाव आहे. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठातले हे प्राध्यापक गुबगुबीत, केसाळ अशा बंबल-बी माश्यांवर आयुष्यभर काम करत आलेले. २००६ मध्ये त्यांनी या माश्यांसाठी संस्था काढली, २०२१ मध्ये कीटकांच्या घटीवर सामान्य वाचकांसाठी पुस्तक लिहिलं. त्यांच्या पुस्तकाचं नाव रेचल कार्सन यांच्या १९६२ च्या प्रसिद्ध पुस्तकाची आठवण करून देणारं आहे, आणि ते मुद्दामच असणार. शास्त्रज्ञाने प्रयोगशाळेतून उठून लोकांशी बोलायचं ठरवलं की त्याच्यावर दोन्हीकडून टीका होते: सहकारी म्हणतात अतिशयोक्ती करतो, लोक म्हणतात घाबरवतो. गोल्सन यांनी ती टीका सोसून बोलणं चालू ठेवलं आहे.

अतिशयोक्तीचा आरोप अगदीच बिनबुडाचा नसतो, हेही नमूद करायला हवं. २०१९ मध्ये जगभरातल्या अभ्यासांचा आढावा घेणारा एक निबंध आला. कीटकांच्या ४० टक्के जाती घटत आहेत, असं त्याचं म्हणणं होतं. वर्तमानपत्रांनी शतकाअखेर कीटकच राहणार नाहीत इथपर्यंत मजल मारली. मग इतर शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं, की लेखकांनी जुने अभ्यास शोधताना शोधशब्दांतच ‘घट’ हा शब्द घातला होता. घट शोधायला निघालं की घटच सापडणार. पुढच्या वर्षी रोएल व्हॅन क्लिंक आणि सहकाऱ्यांनी १६६ दीर्घकालीन सर्वेक्षणं, १,६७६ ठिकाणं, असा मोठा गोतावळा जमवून हिशेब केला. जमिनीवरचे कीटक दर दशकाला सुमारे ९ टक्क्यांनी कमी होत होते. गोड्या पाण्यातले कीटक मात्र सुमारे ११ टक्क्यांनी वाढत होते. मला या निबंधातला हा दुसरा आकडा पहिल्याइतकाच महत्त्वाचा वाटतो. नद्यांमध्ये सांडपाणी सोडण्यावर युरोप-अमेरिकेत कायद्याने बंधनं आली, पाणी सुधारलं आणि जीव परत आले, असा त्याचा एक अर्थ लावला जातो.

पण या १,६७६ ठिकाणांपैकी बहुसंख्य युरोप आणि उत्तर अमेरिकेतली. जगातले बहुतेक कीटक राहतात उष्ण कटिबंधात, आणि मोजले जातात थंड देशांत. भारतातून कीटकांच्या तीस-चाळीस वर्षांच्या सलग नोंदी जवळपास नाहीतच. म्हणून आपल्याकडे कीटक घटलेत का या प्रश्नावर खात्रीने हो म्हणणारा आणि खात्रीने नाही म्हणणारा, दोघंही अंदाजपंचे बोलत असतात.

पक्ष्यांचं तसं नाही. २०२३ मध्ये भारतातल्या पक्ष्यांच्या स्थितीचा अहवाल निघाला. सुमारे तीस हजार पक्षीनिरीक्षकांच्या नोंदींवर तो उभा आहे, आणि त्यात डॉक्टर, बँकेतले कारकून, कॉलेजची पोरं, निवृत्त शिक्षक असे सगळे आहेत. ज्या ३३८ जातींचा दीर्घकालीन कल सांगता आला, त्यांतल्या ६० टक्के घटलेल्या निघाल्या. नीलपंखाचं नाव त्या अहवालात काळजी करण्यासारख्या जातींत आहे. नीलपंख म्हणजे आपला चास, दसऱ्याला दिसला तर शुभ मानतात तो. तारेवर बसून राहतो, खाली नाकतोडा किंवा भुंगेरा हलला की निळे पंख उघडून झेप घेतो. त्याचं पोट भरतं ते तक्त्यावर नसलेल्या किड्यांवर. पक्षी मोजणाऱ्याला किडा दिसत नाही, पण किड्यांची खबर पक्ष्यांच्या आकड्यांतून अशी आडवळणाने येते.

सोलापूरहून बार्शीला येणारा रस्ता या आडवळणाच्या खबरीतूनच जातो. वाटेत नान्नज लागतं. १९७९ साली इथे माळढोकासाठी अभयारण्य जाहीर झालं. माळढोक म्हणजे चांगला मीटरभर उंचीचा, जड अंगाचा पक्षी. तो दाणे-बोरं खातोच, पण पावसाळ्यात, पिल्लांच्या दिवसांत, त्याचं मुख्य अन्न टोळ, नाकतोडे आणि भुंगेरे. एवढं धूड किड्यांवर जगवायचं तर माळावर किडे किती हवेत, याचा अंदाज करावा. आज नान्नजला माळढोक दिसणं जवळजवळ संपलं आहे. त्याला कारणं अनेक: शिकार, विजेच्या तारा, माळरान मोडून झालेली शेती, कुत्री. सगळा दोष किड्यांच्या अभावावर टाकणं चुकीचं ठरेल. पण माळ नांगरला गेला तेव्हा माळावरचा नाकतोडाही गेला, याची नोंद कुणी केली नाही. पक्षी गेल्याची तेवढी झाली. मारुती चितमपल्ली याच सोलापूरचे. पक्षी, प्राणी, वृक्ष, मासे यांचे कोश मराठीत एकट्याच्या हिमतीवर उभे करणारा हा वनाधिकारी २०२५ च्या जूनमध्ये सोलापुरातच गेला. तेवढ्याच भरघोस कीटककोशाची जागा मराठीत अजून रिकामी आहे.

कीटकांपैकी फुलपाखरांचं नशीब तेवढं बरं. कृष्णमेघ कुंटे यांनी तरुणपणी पुण्याच्या परिसरातल्या अधिवासांत ऋतूंप्रमाणे फुलपाखरांची संख्या कशी बदलते याच्या शिस्तीत नोंदी घेतल्या. तो निबंध १९९७ मध्ये प्रसिद्ध झाला. २००० साली माधव गाडगीळ यांनी संपादित केलेल्या मालेत त्यांचं दक्षिण भारतातल्या फुलपाखरांवरचं पुस्तक आलं. पुढे ते बेंगळुरूच्या राष्ट्रीय जीवविज्ञान केंद्रात गेले आणि देशभरातल्या हौशी लोकांची छायाचित्रं तपासून, तारीख-ठिकाणासह जपणारा मोठा साठा त्यांनी आणि सहकाऱ्यांनी उभा केला. दुसरं नाव आयझॅक किहिमकर यांचं. मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत त्यांनी उमेदीची वर्षं काढली, २००८ मध्ये भारतीय फुलपाखरांवरचं त्यांचं जाडजूड पुस्तक आलं आणि शाळकरी पोरांपासून सोसायटीच्या सेक्रेटरीपर्यंत कुणालाही अंगणात फुलपाखरांची झाडं लावायला लावण्यात त्यांचा हात धरणारा दुसरा नाही. २०१५ मध्ये महाराष्ट्राने ब्लू मॉरमॉनला राज्य फुलपाखरू जाहीर केलं. असं करणारं हे देशातलं पहिलं राज्य.

हे सगळं कौतुकाचं आहे. तरी एक खोच राहतेच. देखण्या जिवाला माणसं मिळतात. भंडारदऱ्याला काजवे बघायला जूनमध्ये गाड्यांची रांग लागते, आणि त्या गाड्यांच्याच दिव्यांनी काजव्यांच्या जोड्या जमेनाशा होतात. शेणकिड्याचा महोत्सव कुणी भरवत नाही. आणि बार्शीचा जो किडा मला दाखवायचा आहे, तो तर दिसायला इतका सामान्य आहे की फुलात दिसला तर माणूस त्याला कचरा समजून झटकतो.

बार्शी तालुक्याचा पूर्वेकडचा भाग बालाघाटाच्या उतारांना लागतो. हलकी, मुरमाड जमीन, पाऊस बेताचा. या डोंगरांवर सीताफळ रानोमाळ वाढतं. पलीकडच्या बीडच्या सीताफळाला तर भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. बार्शीने या रानमेव्याची बाग केली. गोरमाळे गावचे नवनाथ कसपटे यांनी निवड करत करत ‘एनएमके-१’ हा वाण पुढे आणला. मोठं फळ, बिया कमी, गर जास्त, पिकल्यावरही लगेच न उकलणारं. सीताफळ म्हटलं की टोपलीतच फुटून जायचं, लांबच्या बाजाराला जायचंच नाही; या वाणाने ते गणित बदललं आणि त्याची झाडं राज्याबाहेरही गेली. दिवाळीच्या आधीच्या दिवसांत बार्शी-पुणे वाटेवर सीताफळाचे क्रेट लादलेले टेम्पो दिसतात ते त्यामुळे.

आता सीताफळाचं फूल बघू. पावसाची पहिली सर पडून गेल्यावर, संध्याकाळच्या सुमाराला, बागेत झुडपाखाली उकिडवं बसायचं, कारण फुलं खाली तोंड करून लोंबत असतात. रंग हिरवट पिवळा, पानांत मिसळून जाणारा. तीन जाड, मांसल पाकळ्या, चिमटीसारख्या मिटलेल्या. नाकाजवळ नेलं तर फुलाचा वास येत नाही, पिकून जास्त झालेल्या फळाचा येतो. मधमाशी इकडे फिरकत नाही; तिला इथे आत शिरायला वाव नाही. पाकळी नखाने हळूच उघडली, तर तळाशी, जिथे पुंकेसरांचा गच्च गोल गड्डा असतो तिथे, तपकिरी, चपटे, तिळापेक्षा थोडे मोठे भुंगेरे दिसतात. उजेड पडला की धावाधाव करून पाकळीच्या बेचक्यात लपतात. तीच आपली मंडळी. शास्त्रात यांच्या कुळाचं नाव निटिड्युलिडी. मराठीत या कुळाला रुळलेलं नाव नाही, आणि बागेत विचारलं तर ‘बारके किडे’ एवढंच उत्तर मिळतं.

काम ते असं करतात. सीताफळाचं फूल आधी मादी असतं, मग नर होतं. पहिल्या अवस्थेत पाकळ्या किंचित फटतात, स्त्रीकेसर ओलसर असतात, पण पराग तयार नसतात. भुंगेरे वासावर येतात, फटीतून आत शिरतात आणि उबेला, खाण्याला तिथेच राहतात. काही तासांनी फूल नर होतं, पुंकेसर फुटतात, पाकळ्या सैल होतात आणि परागाने माखलेले भुंगेरे बाहेर पडून दुसऱ्या, नुकत्या फटलेल्या मादी फुलात जातात. म्हणजे स्वतःच्या परागाने स्वतःचं फळ धरणं फुलाला जवळपास अशक्यच असतं. भुंगेरा आला नाही, तर फूल गळतं. एरवीही सीताफळाच्या शेकडा फुलांपैकी थोडीच फळाला जातात, हे बागायतदाराला माहीत असतं. कोरड्या गरम हवेत स्त्रीकेसर सुकून जातात आणि गळ आणखी वाढते.

सीताफळावर जे डोळे असतात, ते डोळे उघडले की फळ तोडणीला आलं असं आपण म्हणतो. त्यातला एकेक डोळा म्हणजे फुलातलं एकेक स्त्रीकेसर. एकच फळ अनेक छोट्या फळांचं मिळून बनलेलं असतं. ज्या बाजूच्या स्त्रीकेसरांना पराग पुरेसे मिळाले नाहीत, ती बाजू खुरटते आणि फळ वाकडं होतं. वाकडं फळ क्रेटमध्ये खालच्या दर्जात जातं. तेव्हा फळाचा गोल आकार, म्हणजे बाजारातला त्याचा भाव, काही अंशी त्या तपकिरी भुंगेऱ्यांनी किती ये-जा केली यावर ठरलेला असतो. जगात जिथे ही फळं व्यापारी पातळीवर होतात तिथे अनेक ठिकाणी हे काम माणसं करतात: दुपारी-संध्याकाळी नर फुलांचा पराग डबीत गोळा करायचा आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बारीक कुंचल्याने मादी फुलांत एकेक करून लावायचा. इस्राएल आणि ऑस्ट्रेलियात सीताफळाच्या भाऊबंदांवर या भुंगेऱ्यांचा अभ्यास झाला, सडक्या फळांचा वास लावून त्यांना बागेत बोलवायचेही प्रयोग झाले. कारण हे भुंगेरे वाढतात कुजणाऱ्या फळांत, पालापाचोळ्यात. बाग आरशासारखी स्वच्छ ठेवली, तर त्यांच्या पोरांना राहायला जागा राहत नाही.

आणि त्याच झुडपावर पिठ्या ढेकूण असतो. सीताफळाचा हा खरा वैरी. डोळ्यांच्या खाचांत पांढऱ्या पिठासारखा बसतो, रस शोषतो, वर चिकटा सोडतो, चिकट्यावर काळी बुरशी चढते, फळ बाजारात न्यायच्या लायकीचं राहत नाही. त्याला खाणारा क्रिप्टोलेमस नावाचा ढालकिडा आहे, तो प्रयोगशाळेत वाढवून बागेत सोडतातही. गंमत अशी की या ढालकिड्याच्या अळ्या दिसायला थेट पिठ्या ढेकणासारख्या, पांढऱ्या, झुपकेदार. माहीत नसलेला माणूस मित्रालाच शत्रू समजून औषध मारतो. म्हणजे एका झुडपावर शत्रू, मित्र आणि बाकीचा असे तिघं बसलेले आणि पंपातून निघालेला फवारा तिघांवर सारखाच. बहराच्या काळात फवारणी झाली तर फळं कमी लागली कशाने, हे कुणाच्या लक्षातही येत नाही. खापर पावसावर फुटतं.

औषधांबद्दल आपण सहसा दोनच टोकांनी बोलतो: एक तर विष, नाही तर गरज. २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, तेव्हा माणसांपुरती चर्चा झाली. ती व्हायलाच हवी होती. किड्यांच्या बाजूने युरोपीय संघाने २०१८ मध्ये इमिडाक्लोप्रिड, थायामेथोक्झाम आणि क्लोथियानिडिन या तीन औषधांच्या उघड्यावरच्या वापरावर बंदी घातली. ही औषधं झाडाच्या अंगात भिनतात, पराग आणि मधुरसापर्यंत पोहोचतात. यांतली पहिली दोन आपल्याकडे सर्रास वापरात आहेत. बार्शीच्या शेतकऱ्याला उद्यापासून ती बंद करा म्हणणं मला जमणार नाही. कर्ज काढून केलेल्या बागेत पिठ्या ढेकूण पसरताना बघत बसणं काय असतं, ते बाहेरच्याने सांगू नये. पण फुलोऱ्याचे दिवस टाळणं, ठिपका दिसला की अख्खी बाग धुऊन न काढणं, एवढं तर कृषी विद्यापीठांच्या शिफारशींतही असतं. ते बाटलीवर बारीक अक्षरांत असतं आणि दुकानदाराच्या तोंडी अजिबातच नसतं.

औषध हे एकच कारण धरणंही सोपं उत्तर झालं. बार्शीच्या शिवारात पिकांची रांग बदलली. कधी काळी रब्बी ज्वारीच्या जोडीला करडईच्या ओळी असायच्या, हंगामात सूर्यफुलाचे पिवळे पट्टे असायचे. सोलापूर-लातूर हा सूर्यफुलाचा पट्टाच होता. सूर्यफूल मधमाशीशिवाय नीट भरत नाही, करडईवरही माश्यांची झुंबड असते. दोन्हींचं क्षेत्र कोसळलं. खरिपात मूग, उडीद, बाजरी, तीळ, कारळं यांची जागा सोयाबीनने घेतली. सोयाबीन वाईट पीक नाही, पण त्याची फुलं इवलीशी आणि स्वतःचं स्वतःच फळणारी. फुलोऱ्यावर जगणाऱ्या माशीला त्यात फारसं काही नाही. बांध कोरून अरुंद झाले, बांधावरची बाभूळ, तरवड, घाणेरी गेली. कोरड्या मातीत बिळं करणाऱ्या एकांड्या माश्यांना न नांगरलेली जागा लागते. ती आता रस्त्याकडेला किंवा स्मशानात सापडते. हुमणीसाठी वळवाच्या पावसानंतर दिव्याचे सापळे लावतात. संध्याकाळचे दोन-तीन तास लावले तर हुमणीचे भुंगेरे पडतात, रात्रभर लावून ठेवले तर सगळे बाकीचेही त्या रॉकेलमिश्रित पाण्यात सकाळी तरंगताना दिसतात. चौकातल्या हायमास्टला कुणी सापळा म्हणत नाही, परिणाम तोच.

मोजणी नाही तिथे आठवण उरते. जुन्या लोकांकडे मृगाच्या किड्याची आठवण हमखास असते. मृगाची सर पडली की लाल मखमली ठिपके हलक्या रानात चालू लागायचे, पोरं काडेपेटीत भरून ठेवायची. (त्याला आठ पाय असतात, म्हणजे तो कीटक नव्हे, गोचिडीच्या गोतातला. पण त्याला किडा म्हणू नका असं बार्शीत सांगायला जाण्यात अर्थ नाही.) त्याची पिल्लं नाकतोड्याच्या अंगाला चिकटून वाढतात, मोठा झाला की वाळवी खातो, म्हणजे तो दिसला नाही तर नाकतोडा आणि वाळवी दोघांचीही चौकशी करायला हवी. आता दिसत नाही, असं साठीपुढचा जो तो सांगतो. हे ऐकून शास्त्रज्ञ सावध होतो, आणि त्याने व्हावंही. लहानपणी सगळंच जास्त असल्यासारखं वाटतं. शिवाय साठीचा माणूस जूनमध्ये रानात वाकून बघतो कुठे?

तरी आठवणीही शिस्तीत गोळा केल्या तर कामाला येतात. ओडिशात आदिवासी शेतकऱ्यांना पूर्वी कोणत्या माश्या किती दिसायच्या आणि आता किती दिसतात, हे चित्रं आणि नमुने दाखवून विचारण्यात आलं, उत्तरं शेतातल्या प्रत्यक्ष नोंदींशी ताडून पाहिली. २०१७ मध्ये ते काम प्रसिद्ध झालं. सातेरी मधमाशी आणि भुंग्यासारख्या काही ओळखीच्या माश्या घटल्याचं लोकांनी सांगितलं होतं, आणि ते झटकून टाकण्यासारखं नव्हतं. कलकत्ता विद्यापीठाच्या पार्थिब बसूंनी त्याआधीच दुसऱ्या बाजूने शोध घेतला होता: परागीभवनावर अवलंबून असलेल्या भाज्यांचं एकरी उत्पादन, इतर भाज्यांचं वाढत असताना, का अडखळलं? शंका पराग वाहणाऱ्यांच्या कमतरतेची होती.

बार्शीत हे करायला काही नवं उभारावं लागत नाही. २००२ च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही ठेवणं बंधनकारक आहे. हरित लवादाने २०१९ मध्ये बडगा उगारला तेव्हा देशभर घाईघाईने या वह्या भरल्या गेल्या. घाईत भरलेल्या वहीत काय असतं ते सांगायला नको. पण वहीच्या नमुन्यात वन्यप्राण्यांच्या तक्त्यात कीटकांनाही जागा आहे. गोरमाळ्यासारख्या गावाच्या वहीत सीताफळाच्या फुलातला तपकिरी भुंगेरा लिहिला जावा, त्याला गावाने स्वतःचं नाव द्यावं आणि दर पावसाळ्यात शंभर फुलं उघडून किती फुलांत तो सापडला एवढा एक आकडा पुढे लिहीत जावं. याला सूक्ष्मदर्शक लागत नाही, अनुदान लागत नाही. क्रॉपसॅपच्या फॉर्मवर एक रकाना वाढवणं त्याहून सोपं. मधमाश्या दिसल्या का, ढालकिडे किती, चतुर किती, एवढंच. सर्वेक्षक तिथे उभाच असतो.

आणखी एक साठा आपण दरवर्षी कचऱ्यात टाकतो. कृषी महाविद्यालयांत कीटकशास्त्राच्या प्रात्यक्षिकासाठी मुलांना कीटक गोळा करून, टाचणीला टोचून, पेटीत लावून द्यावे लागतात. प्रत्येकाखाली चिठ्ठी: ठिकाण, पीक, तारीख, गोळा करणाऱ्याचं नाव. मुलं आपापल्या गावाहून किडे आणतात, बार्शीची बार्शीहून, करमाळ्याची करमाळ्याहून. काही शेजाऱ्याची पेटी उसनी घेऊन चिठ्ठ्या बदलतात, ते वेगळं. गुण पडले की वर्षभराने त्या पेट्यांना मुंग्या लागतात आणि सफाईच्या दिवशी त्या बाहेर जातात. क्रेफेल्डच्या मंडळाने आपल्या बाटल्या फेकल्या नाहीत, म्हणून १९८९ चं वजन २०१६ च्या वजनाशेजारी ठेवता आलं. आपल्या पेट्यांत तर प्रत्येक किड्याखाली गावाचं नाव लिहिलेलं असतं. एका कपाटाची आणि डांबराच्या गोळ्यांची सोय कुणी करायची, एवढंच ठरायचं आहे.